बॉल कुठं हाय?

सासऱ्यांना मी मामा म्हणते. आमच्या कोल्हापूरकडं तशीच पद्धत आहे. मामा शिवाजी पेठेतले. उद्यमनगरातल्या एका वर्कशॉपमध्ये त्यांनी सगळी नोकरी लेथवर काढली. फुटबॉलचा हंगाम सुरू झाला की पाळ्या बदलून घ्यायच्या आणि शाहू स्टेडियम गाठायचं, हे त्यांचं ठरलेलं. शिवाजी तरुण मंडळ हा त्यांचा संघ. समोर पाटाकडील तालीम असली की त्या दिवशी त्यांना जेवण जायचं नाही, असं सासूबाई सांगायच्या.

काही वर्षांपूर्वी त्यांच्या दोन्ही डोळ्यांच्या पडद्याचा मधला भाग निकामी होत गेला. डॉक्टर त्याला मॅक्युलर डीजनरेशन म्हणतात. कडेचं थोडं दिसतं, पण जिथं बघावं तिथं डाग. घरातल्या घरात चालता येतं, हातानं जेवता येतं. वाचता येत नाही आणि समोरचा चेहरा ओळखता येत नाही. बॉल तर दिसतच नाही. त्यांनी स्टेडियमला जाणं बंद केलं. आम्ही कारण विचारलं नाही आणि त्यांनीही सांगितलं नाही.

सासूबाई गेल्यावर आम्ही त्यांना इकडं इंग्लंडमध्ये, लेस्टरला बोलावलं. ऑक्टोबर २०२३ मध्ये ते सहा महिन्यांच्या व्हिसावर आले. आमचं गाव फुटबॉलचं. २०१६ साली इथल्याच लेस्टर सिटी क्लबनं प्रीमियर लीग जिंकली होती. त्या हंगामाच्या सुरुवातीला सट्टेबाजांनी त्यांना एकास पाच हजारांचा भाव दिला होता. मामा आले तेव्हा मात्र क्लब प्रीमियर लीगमधून खाली घसरून चॅम्पियनशिपमध्ये, म्हणजे दुसऱ्या विभागात, खेळत होता. मामांना त्याचं काही वाटलं नाही. कोल्हापुरातही सीनियर गटातून खाली गेलेले संघ पुन्हा वर येताना त्यांनी पाहिले होते.

पहिल्यांदा आम्ही टीव्ही लावला. मोठा पडदा, मोठा आवाज. मामांना अगदी पुढं बसवलं. बराच वेळ ते गप्प होते. मग म्हणाले, “पोरी, बॉल कुठं हाय?”

मी सांगितलं. थोड्या वेळानं पुन्हा तेच. तेव्हा मी टीव्हीवरचं बोलणं पहिल्यांदा नीट कान देऊन ऐकलं. समालोचक खेळाडूचं नुसतं आडनाव घेत होता आणि थांबत होता. मग प्रशिक्षकाच्या डावपेचाबद्दल बोलत होता, मग गेल्या आठवड्यातल्या सामन्याबद्दल. ते चूक नाही. बघणाऱ्याला बॉल दिसतोच, त्याला तो कुठं आहे हे सांगायची गरज नसते. पण ज्याला दिसत नाही त्याच्या पदरात टीव्हीच्या समालोचनातून काही पडत नाही. आवाज कितीही वाढवा, काही फरक पडत नाही.

मग माझ्या नवऱ्यानं स्वयंपाकघरातला स्मार्ट स्पीकर मामांच्या खोलीत नेऊन ठेवला. तोंडानं सांगितलं की रेडिओ लागतो, बटणं शोधायला नकोत, असा हिशेब होता. इथं तीन अडचणी आल्या.

पहिली साधी होती. मामांचे उच्चार त्याला कळेनात. स्टेशनचं नाव सांगितलं की तो भलतंच गाणं लावायचा. मग मामा माझ्या नवऱ्याला हाक मारायचे आणि तो लावून द्यायचा. स्वतःचं स्वतः लावता यावं म्हणून आणलेल्या वस्तूसाठी पुन्हा हाक मारावी लागत होती. मामांना ते आवडत नव्हतं.

दुसरी अडचण उशिराची. इंटरनेटवरून येणारा रेडिओ प्रत्यक्ष खेळाच्या अर्धा-एक मिनिट मागं असतो. आमच्या शेजारी एक गुजराती काका आहेत, लेस्टर सिटीचे पक्के. त्यांच्या घरात जुना रेडिओ. भिंती पातळ. ते ओरडले की आम्हाला कळायचं, गोल झाला. स्पीकरवर तेव्हा समालोचक मधल्या रेषेपाशी थ्रो-इन सांगत असायचा. मामांचा चेहरा पडायचा. पुढचं अर्धं मिनिट ऐकण्यात काही राम उरायचा नाही.

तिसरी अडचण आम्हाला आधी कळलीच नाही. एका शनिवारी सामना सुरू व्हायच्या वेळेला स्पीकरवर समालोचन न येता गाणी आणि गप्पा सुरू झाल्या. स्टेशन तेच, तारीख तीच. आम्ही स्पीकर बंद करून चालू केला, वाय-फाय तपासलं. शेवटी काकांनीच सांगितलं. हवेतून जाणाऱ्या रेडिओचे हक्क आणि इंटरनेटवरचे हक्क वेगळे विकले जातात. स्टेशनकडं पहिलेच असतील तर एफएमवर सामना लागतो आणि त्याच स्टेशनच्या इंटरनेटवरच्या प्रक्षेपणात दुसरं काहीतरी वाजतं. यंत्रात बिघाड नव्हता.

काका म्हणाले, “साधा रेडिओ आणा.”

आणला. धर्मादाय दुकानात जुना, हाताळलेला मिळाला. त्याला वर बटणं होती, दाबली की जाणवणारी. पहिल्या बटणावर बीबीसी रेडिओ लेस्टर लावून ठेवलं, १०४.९ एफएम. इंग्लंडमधलं बीबीसीचं हे पहिलं स्थानिक केंद्र, १९६७ साली सुरू झालेलं. लेस्टर सिटीचे सामने तिथं ऐकायला मिळतात. त्या बटणावर मी नेलपॉलिशचा जाड ठिपका दिला. वाळल्यावर बोटाला कळतो. आवाजाच्या चक्रीलाही एक ठिपका दिला. त्या दिवसापासून रेडिओ लावायला मामांनी कुणाला हाक मारली नाही.

रेडिओ घ्यायचा असेल त्यांच्यासाठी थोडं सविस्तर सांगते. एफएमचा आवाज जवळपास त्याच क्षणी येतो. डॅब म्हणून जो डिजिटल रेडिओ इथं मिळतो, तो काही सेकंद मागं असतो. घरात बसून ऐकायचं तर चालेल, मैदानावर नेणार असाल तर एफएमच हवा. नाहीतर आधी लोक ओरडतात आणि मग तुमच्या कानात शॉट बसतो. मोठे सामने सगळ्या देशभर ऐकू येतात ते बीबीसी रेडिओ फाइव्ह लाइव्हवर, मीडियम वेव्हच्या ६९३ आणि ९०९ किलोहर्ट्झवर, आणि टॉकस्पोर्टवर, १०५३ आणि १०८९ वर. मीडियम वेव्हला आमच्याकडं सतत खरखर यायची. फोनचा चार्जर आणि पलंगाशेजारचा एलईडी दिवा बंद केला तेव्हा ती बरीच गेली. रेडिओ टेबलावर हळूहळू फिरवून बघावा. मीडियम वेव्हची तार आतल्या कांडीवर गुंडाळलेली असते, तिची दिशा जुळली की आवाज स्वच्छ होतो. वरची लांब दांडी एफएमसाठी, ती ओढून मीडियम वेव्हला उपयोग नाही.

शनिवारी दुपारी तीनचे सामने इथं टीव्हीवर दाखवतच नाहीत. पावणेतीन ते सव्वापाच या वेळात थेट फुटबॉल दाखवायला इंग्लंडमध्ये बंदी आहे. १९६० च्या दशकात बर्नली क्लबचे अध्यक्ष बॉब लॉर्ड यांनी हा आग्रह धरला होता. मोठा सामना घरी दिसला तर लहान क्लबांच्या मैदानावर कोण जाईल, हा त्यांचा मुद्दा. रेडिओला ही बंदी लागू नाही. त्यामुळं शनिवारी दुपारी डोळस माणसंही रेडिओच लावतात. मामांना हे कळलं तेव्हा ते बरं वाटून हसले. “म्हणजे समद्यास्नीच दिसत न्हाई,” म्हणाले.

रेडिओवरचा समालोचक बॉल कुठं आहे हे सांगतो. डावीकडं, आपल्या अर्ध्यात, गोलपासून वीस यार्डांवर, पाठ गोलकडं. दर थोड्या वेळानं गोलसंख्या आणि मिनिट सांगतो. पण बोलतो इंग्रजीत, आणि भरभर. मामांचं इंग्रजी वर्कशॉपपुरतं. कॉर्नर, पेनल्टी, ऑफसाइड, फ्री किक हे कोल्हापुरातही असंच म्हणतात, तिथं अडलं नाही. अडलं ते नावांशी. ड्यूसबरी-हॉल, माविदिदी, व्हेस्टरगार्ड. ही माणसं की जागा, हेच कळायचं नाही.

त्यावर उपाय सापडला तो असा. सामन्याच्या तासभर आधी संघ जाहीर होतो. तेव्हा मी मामांजवळ बसून अकरा नावं वाचायची. कोण गोलात, कोण मागं, डाव्या बाजूला कोण. मामा प्रत्येकाला कोल्हापुरातल्या कुठल्या तरी जुन्या खेळाडूची जागा द्यायचे आणि नाव पुन्हा उच्चारायचे. थोड्या आठवड्यांत नावं पाठ झाली. मग समालोचनातले अर्धे शब्द कळले नाहीत तरी खेळ कळायला लागला. भाषेची अडचण असलेल्या कुणालाही मी हे पहिलं सांगीन. इंग्रजी शिकवत बसू नका. नावं आणि जागा पाठ करून द्या.

तरी एक गोष्ट राहत होती. मैदानाचा अंदाज. ‘लेफ्ट’ म्हटलं की कुणाच्या डावीकडं, हे मामांच्या मनात उलटसुलट व्हायचं. त्याच सुमारास माझ्या वाचनात आलं की रेडिओवरून फुटबॉल सामन्याचं पहिलं थेट समालोचन बीबीसीनं २२ जानेवारी १९२७ रोजी केलं. आर्सेनल आणि शेफील्ड युनायटेड, हायबरीच्या मैदानावर. समालोचक टेडी वेकलम. ऐकणाऱ्यांना मैदान डोळ्यांसमोर यावं म्हणून ‘रेडिओ टाइम्स’मध्ये मैदानाचा नकाशा छापला होता, आठ चौकोनांचा, प्रत्येकाला आकडा दिलेला. वेकलम खेळ सांगायचे आणि दुसरा माणूस मधेमधे चौकोनाचा आकडा बोलायचा.

मी माझ्या मुलाला ते दाखवलं. त्यानं पुठ्ठा घेतला, त्यावर फेव्हिकॉलनं जाड दोरा चिकटवून आठ चौकोन केले. दोन्ही टोकांना गोलच्या जागी आगपेटीच्या काड्या लावल्या. सामना सुरू झाला की पुठ्ठा मामांच्या मांडीवर असायचा आणि मुलगा शेजारी बसून समालोचन ऐकत आकडे सांगायचा. पाच. सात. सातच. आठ! मामांचं बोट दोऱ्यावरून सरकायचं. मध्यंतराला संघ बाजू बदलतात, म्हणून मुलगा पुठ्ठा फिरवून द्यायचा. हे त्याचं त्याला सुचलं. पुढं पुढं मामा आकड्याच्या आधीच बोट हलवायला लागले. त्यांना आता समालोचनातूनच कळत होतं. महिन्याभरात पुठ्ठ्याची गरज संपली, पण मुलगा शेजारी बसायचा तो बसायचाच. आजोबा-नातवात त्याआधी फारसं बोलणं नव्हतं. याचं मराठी मोडकं आणि त्यांना इंग्रजी येत नाही. आम्हालाच त्याची काळजी वाटायची.

मैदानावर जायचं डिसेंबरात ठरलं. मामा आधी नकोच म्हणाले. दिसत नाही तर तिकिटाचे पैसे कशाला घालवायचे, म्हणाले. मी क्लबला पत्र लिहिलं. इथल्या क्लबांमध्ये अपंग प्रेक्षकांची सोय बघणारा एक अधिकारी असतो, त्याच्या नावे पाठवायचं. कळलं की दिसत नसलेल्यांसाठी मैदानावर वेगळं समालोचन असतं. छोटं यंत्र आणि कानाला लावायचा हेडफोन देतात, वेगळे पैसे घेत नाहीत. तिकीट काढतानाच आपल्याला ते हवं आहे हे सांगून ठेवावं लागतं. सोबतच्या माणसाचं तिकीट बऱ्याच क्लबांत मोफत असतं, त्यासाठी पुरावा मागतात. आम्ही कोल्हापूरच्या डोळ्यांच्या डॉक्टरांचं इंग्रजी पत्र मागवून घेतलं होतं. असं पत्र प्रवासाला निघतानाच बरोबर ठेवावं.

१ जानेवारी २०२४ ला हडर्सफील्डशी सामना होता. किंग पॉवर स्टेडियममध्ये ३२ हजार माणसं मावतात. गर्दीत मामांनी माझा दंड घट्ट धरला होता. जागेवर बसल्यावर पहिल्यांदा यंत्र चालू करून आवाज येतोय ना, हे बघितलं. हे सामन्याआधी करावं. खेळ सुरू झाल्यावर यंत्र बदलायला उठणं कठीण जातं. एक सल्ला आम्हाला तिथल्याच एका बाईंनी दिला. त्यांना जन्मापासून दिसत नव्हतं. दोन्ही कान झाकू नका, म्हणाल्या. एका कानात समालोचन, दुसरा कान मैदानाला.

हे समालोचन साध्या रेडिओपेक्षाही बारकाईचं होतं. बॉल थांबला तरी बोलणारा थांबत नव्हता. कोण खाली बसलाय, पंचानं हात कुठं दाखवला, कोण कुणावर चिडलाय, बदली खेळाडू कुठल्या बाजूला पळून अंग गरम करतोय. मामांनी मला एकदाही काही विचारलं नाही. लेस्टर ४-१ नं जिंकलं. प्रत्येक गोलला ते आजूबाजूच्या लोकांच्या बरोबर उठले, मागून नाही. मी खेळ कमी आणि त्यांच्याकडंच जास्त बघत होते.

मार्चअखेर मामा कोल्हापूरला परतले. लेस्टर वर जाणार की नाही, हे ठरायचं बाकी होतं. त्यांच्या भाच्यानं फोनवर तेच स्टेशन लावायचा प्रयत्न केला. सामना लागेना. ब्रिटनबाहेर थेट खेळाच्या समालोचनाचे हक्क नसतात, त्यामुळं तेवढाच भाग बंद ठेवतात. पत्ता लपवणारी ॲप वापरून बघ, असं कुणीतरी भाच्याला सुचवलं. आम्ही नको म्हटलं. ते नियमात बसत नाही, आणि मधेच बंद पडलं तर म्हाताऱ्या माणसानं काय करायचं?

मग मी इकडून व्हॉट्सॲप कॉल लावून फोन रेडिओशेजारी ठेवला. तेही जमलं नाही. अशा कॉलमध्ये मागचा गोंगाट कापून टाकायची सोय असते. प्रेक्षकांचा आवाज तिला गोंगाट वाटतो. लोक ओरडले की समालोचकाचा आवाजही तुटायचा, म्हणजे नेमका गोलच ऐकू यायचा नाही.

शेवटी क्लबचं स्वतःचं समालोचन कामी आलं. बऱ्याच इंग्लिश क्लबांचं असं समालोचन त्यांच्या ॲपवर किंवा संकेतस्थळावर असतं. कुठं नुसती नोंदणी पुरते, कुठं पैसे भरावे लागतात, आणि दर हंगामात हे बदलतं, म्हणून हंगामाच्या सुरुवातीला बघून घ्यावं. भारतातून ऐकायला आम्हाला अडचण आली नाही. भाच्यानं फोनमध्ये टॉकबॅक चालू करून भाषा मराठी केली. बोट फिरेल तिथलं नाव फोन वाचून दाखवतो. ॲपचं चिन्ह पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात एकटं ठेवलं. मामांना ते शिकायला वेळ लागला, चिडचिड झाली, पण जमलं. इंटरनेटचा उशीर इथं आड येत नाही. शिवाजी पेठेत लेस्टरचा गोल आधी ओरडून सांगणारं कुणी नाही. फक्त घरच्या ग्रुपवर सामना संपेपर्यंत कुणी काही लिहायचं नाही, एवढं ठरवलं.

वेळेचा घोळ सुरुवातीला झाला. इथं मार्चच्या शेवटच्या रविवारी घड्याळं एक तास पुढं करतात. हिवाळ्यात इथले दुपारचे तीन म्हणजे भारतात रात्रीचे साडेआठ, उन्हाळ्यात साडेसात. आणि इथला रात्री आठचा सामना एप्रिलमध्ये भारतात साडेबाराला सुरू होतो. मामा त्या दिवशी दुपारी झोपून घ्यायचे. २३ एप्रिलला लेस्टरनं साउदॅम्प्टनला ५-० नं हरवलं, त्यात फतावूचे तीन गोल. २९ एप्रिलला प्रेस्टनमध्ये ३-० नं जिंकून लेस्टरनं चॅम्पियनशिप घेतली. भारतात तेव्हा पहाटेचे अडीच वाजत आले होते. ग्रुपवर लिहायची बंदी होती, फोनची नव्हती. पहिला फोन मामांचाच आला.

आता ते शाहू स्टेडियमला पुन्हा जायला लागलेत. भाचा शेजारी बसून सांगतो. भाच्याला कामातून सुटी मिळाली नाही तर मामा घरी राहतात.

म्हणून कोल्हापूरच्या मंडळांना आणि तालमींना एक विनंती आहे. दर सामन्याला एका माणसानं उंच जागी बसून, दिसत नसलेल्यांसाठी मराठीत खेळ सांगायचा. ऐकणाऱ्यांनी आपापला फोन ग्रुप कॉलला जोडायचा आणि एका कानात इयरफोन घालायचा. बोलणाऱ्यानं फोन तोंडाजवळ धरायचा, म्हणजे गर्दीच्या आवाजात शब्द तुटणार नाहीत. यंत्रं आणावी लागत नाहीत, खर्च जवळपास नाही. लागतो तो न थांबता बोलणारा आणि खेळ कळणारा एक माणूस. असे कोल्हापुरात पेठेपेठेत आहेत. कुणी सुरू केलं, तर मामा आणि त्यांच्यासारखे आणखी कितीतरी जण पहिल्या सामन्यालाच येतील.